आधी खात्री, मग बातमी

(दूरदर्शनवर रोज बातम्या सांगणाऱ्या माणसाचे काम वरवर सोपे वाटते, पण त्यामागे मोठी जबाबदारी असते. अमेरिकेतील प्रसिद्ध वृत्तनिवेदक वॉल्टर क्रॉन्काइट यांच्या जीवनातील काही प्रसंगांतून या जबाबदारीची ओळख प्रस्तुत पाठात करून दिली आहे.)



समजा, मधल्या सुट्टीत तुमचा एक मित्र धावत येतो आणि म्हणतो, "उद्या शाळेला सुट्टी आहे!" तुम्ही ती खबर दुसऱ्याला सांगता. दुसरा तिसऱ्याला सांगतो. शाळा सुटेपर्यंत ती सगळ्या वर्गांत पसरते. दुसऱ्या दिवशी निम्मी मुले घरीच राहतात आणि शाळा मात्र नेहमीप्रमाणे भरते! मग सर विचारतात, "सुट्टी आहे असे कोणी सांगितले?" प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवतो. सूचनाफलक पाहावा किंवा कार्यालयात जाऊन विचारावे, असे कोणालाच सुचलेले नसते.

यात नुकसान झाले ते एका दिवसाच्या अभ्यासाचे. पण ज्याचा शब्द एकाच वेळी कोट्यवधी लोक ऐकतात, त्याने अशी चूक केली तर? त्याने न घडलेली गोष्ट घडली असे सांगितले तर? लोक घाबरतील, रस्त्यावर धावतील, कदाचित दंगाही होईल. म्हणून बातमी सांगणाऱ्याची जबाबदारी फार मोठी असते. ही जबाबदारी आयुष्यभर सांभाळणाऱ्या एका माणसाची हकिकत आज आपण वाचणार आहोत.

दूरदर्शनच्या पडद्यावर बातम्या सांगणाऱ्या पुरुषाला मराठीत वृत्तनिवेदक आणि स्त्रीला वृत्तनिवेदिका म्हणतात. इंग्रजीतून आलेला 'अँकर' हा शब्दही आता रूढ झाला आहे. अँकर म्हणजे जहाजाचा नांगर. उर्दूत तुम्ही त्याला 'लंगर' म्हणता. मराठीत शेत नांगरण्याच्या अवजारालाही नांगरच म्हणतात; कोणता अर्थ घ्यायचा, ते वाक्यावरून ओळखायचे. समुद्रात वारा सुटला, लाटा उसळल्या, तरी नांगर टाकलेले जहाज वाहून जात नाही. चांगला वृत्तनिवेदकही असाच असतो. भोवती कितीही गोंधळ असला तरी तो स्वतः वाहून जात नाही आणि लोकांनाही वाहून जाऊ देत नाही.

वॉल्टर क्रॉन्काइट यांचा जन्म ४ नोव्हेंबर १९१६ रोजी अमेरिकेतील मिसूरी राज्यात सेंट जोसेफ या गावी झाला. त्यांचे वडील दातांचे डॉक्टर होते. वॉल्टर सुमारे दहा वर्षांचे असताना हे कुटुंब टेक्सास राज्यातील ह्यूस्टन शहरात राहायला आले. तेथील शाळेत त्यांना फ्रेड बर्नी नावाचे शिक्षक भेटले. बर्नी स्वतः वृत्तपत्रात काम केलेले गृहस्थ होते. ते मुलांना बातमी कशी लिहावी, हे शिकवत. नाव अचूक लिहा, घटना अचूक सांगा, असा त्यांचा आग्रह असे. वॉल्टर शाळेच्या वृत्तपत्रासाठी लिहू लागले आणि तेव्हाच त्यांनी आपला मार्ग ठरवला. पुढे ते टेक्सास विद्यापीठात दाखल झाले; परंतु वृत्तपत्राच्या कामाची ओढ इतकी होती, की १९३५ साली शिक्षण अर्धवट सोडून ते बातमीदार बनले.

यानंतर थोड्याच दिवसांनी त्यांची पहिली मोठी परीक्षा झाली. १९३६ साली ते कॅन्सस सिटी या शहरात एका रेडिओ केंद्रावर नोकरी करत होते. वय अवघे एकोणीस-वीस वर्षांचे. एके दिवशी केंद्राच्या व्यवस्थापकांना त्यांच्या पत्नीचा फोन आला. नगरभवनाला मोठी आग लागली आहे आणि अग्निशामक दलाचे काही जवान मरण पावले आहेत, असे तिने सांगितले. व्यवस्थापक क्रॉन्काइट यांना म्हणाले, "ही बातमी ताबडतोब सांगा." क्रॉन्काइट यांनी आधी अग्निशामक दलाकडे चौकशी करायचे ठरवले. व्यवस्थापकांना एवढा धीर नव्हता. बायको स्वतः सांगते आहे, मग आणखी खात्री कशाची करायची? ते स्वतःच ध्वनिक्षेपकासमोर बसले आणि त्यांनी आगीची बातमी सांगून टाकली.

चौकशी केल्यावर काय कळले? आग अगदी किरकोळ होती. कोणीही मेलेले नव्हते. राईचा पर्वत झाला होता!

मित्रांनो, यानंतर व्यवस्थापकांनी क्रॉन्काइट यांना शाबासकी दिली असेल, असे तुम्हांला वाटेल. तसे झाले नाही. उलट त्यांचीच नोकरी गेली. खरे वागूनही कधीकधी नुकसान सोसावे लागते, हे त्यांनी तरुण वयातच अनुभवले. परंतु खात्री केल्याशिवाय बातमी सांगायची नाही, हा आपला नियम त्यांनी सोडला नाही.

पुढे ते युनायटेड प्रेस या वृत्तसंस्थेत काम करू लागले. वृत्तसंस्था म्हणजे ठिकठिकाणच्या बातम्या गोळा करून वृत्तपत्रांना व रेडिओ केंद्रांना पुरवणारी संस्था. १८ मार्च १९३७ रोजी टेक्सासमधील न्यू लंडन या गावी एका शाळेत भयंकर स्फोट झाला. इमारतीखाली गॅस साचला होता. त्या गॅसला वास नव्हता, म्हणून तो कोणाच्याच लक्षात आला नाही. एक ठिणगी पडली आणि सुमारे ३०० मुले व शिक्षक मृत्युमुखी पडले. या दुर्घटनेची बातमी देण्यासाठी क्रॉन्काइट तेथे गेले. आपल्या लेकरांना शोधणारे आईवडील त्यांनी पाहिले. अशा वेळी हात थरथरत असतात, तरी मृतांचा आकडा, नावे, वेळ यांत चूक होऊन चालत नाही. या दुर्घटनेनंतर गॅसला मुद्दाम उग्र वास देण्याचा कायदा तेथे झाला. आपल्या स्वयंपाकघरातील सिलिंडरच्या गॅसलाही असाच वास दिलेला असतो. बातमी लोकांपर्यंत नीट पोहोचली, की त्यातून पुढच्या पिढ्यांचे जीव वाचवणारे बदल होऊ शकतात, हे यावरून दिसते.

दुसरे महायुद्ध सुरू झाल्यावर क्रॉन्काइट युद्धवार्ताहर म्हणून युरोपात गेले. कार्यालयात बसून सैन्याने दिलेली पत्रके उतरवून घेणे त्यांना पसंत नव्हते. २६ फेब्रुवारी १९४३ रोजी जर्मनीतील विल्हेल्म्सहाफेन बंदरावर हल्ला करायला निघालेल्या एका बॉम्बफेकी विमानात ते बसले. त्या मोहिमेवर गेलेल्या वार्ताहरांपैकी रॉबर्ट पोस्ट परत आले नाहीत. त्यांचे विमान पाडले गेले. सप्टेंबर १९४४ मध्ये क्रॉन्काइट सैनिकांबरोबर ग्लायडरमधून, म्हणजे इंजिन नसलेल्या विमानातून, हॉलंडमध्ये उतरले. युद्ध संपल्यावर न्यूरेंबर्ग येथे जर्मन नेत्यांवर खटले चालले. त्यांच्या बातम्याही त्यांनी दिल्या. नंतर सुमारे दोन वर्षे ते मॉस्को येथे होते.

म्हणजे दूरदर्शनच्या खुर्चीवर बसण्यापूर्वी त्यांनी पंधरा वर्षे पायपीट केली होती. बातमी कोठून येते, ती कशी गोळा करतात आणि वाटेत तिचे रूप कसे बदलते, हे त्यांना ठाऊक होते.

१९५० साली ते सी. बी. एस. या कंपनीत आले. त्या काळात अमेरिकेत दूरदर्शन नवे होते. क्रॉन्काइट वॉशिंग्टनमधील केंद्रावर कोरियातील युद्धाच्या बातम्या सांगू लागले. वर्गात शिक्षक समजावून सांगतात, तसे ते नकाशाच्या साहाय्याने युद्ध समजावून देत. १९५२ साली अमेरिकेतील राजकीय पक्षांच्या मोठ्या अधिवेशनांचे प्रक्षेपण झाले. तेथे तासन्‌तास बसून, ठिकठिकाणच्या वार्ताहरांना एकत्र जोडून, सगळा प्रसंग प्रेक्षकांना समजेल असा सांगण्याचे काम त्यांच्याकडे होते. त्यांच्या या कामासाठी 'अँकर' हा शब्द वापरला जाऊ लागला. १६ एप्रिल १९६२ पासून सी. बी. एस.च्या संध्याकाळच्या बातम्यांचे ते मुख्य वृत्तनिवेदक झाले. त्या वेळी हे बातमीपत्र फक्त १५ मिनिटांचे होते. २ सप्टेंबर १९६३ पासून ते अर्ध्या तासाचे झाले. आपल्या देशात दिल्लीला १५ सप्टेंबर १९५९ रोजी दूरदर्शनचे प्रायोगिक प्रक्षेपण सुरू झाले होते. मुंबईचे केंद्र तर २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू व्हायचे होते. यावरून तो काळ तुमच्या लक्षात येईल.

क्रॉन्काइट केवळ बातम्या वाचत नसत. ते त्या बातमीपत्राचे व्यवस्थापकीय संपादकही होते. कोणती बातमी घ्यायची, किती घ्यायची आणि कोणत्या शब्दांत सांगायची, याचा निर्णय करण्यात त्यांचा वाटा असे. त्यांच्या बोलण्याकडेही लक्ष द्या. अमेरिकन माणूस साधारणपणे मिनिटाला १६० हून अधिक शब्द बोलतो. क्रॉन्काइट यांनी मिनिटाला सुमारे १२४ शब्द बोलण्याची सवय स्वतःला लावून घेतली होती. ऐकणाऱ्याला प्रत्येक शब्द नीट कळावा, हा त्यामागील हेतू. मित्रांनो, वर्गात पाठ मोठ्याने वाचताना तुम्ही घाईघाईने वाचता का? एकदा सावकाश वाचून पाहा. ऐकणाऱ्यांच्या चेहऱ्यावरून तुम्हांला फरक कळेल.

आता त्यांच्या जीवनातील सर्वांत कठीण दिवसाकडे वळू. तारीख होती २२ नोव्हेंबर १९६३. अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष जॉन केनेडी टेक्सासमधील डॅलस शहरात आले होते. उघड्या मोटारीतून जाताना त्यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. न्यूयॉर्कमध्ये दुपारचे १ वाजून ४० मिनिटे झाली असताना सी. बी. एस.वर चालू असलेली मालिका मध्येच थांबली. पडद्यावर फक्त एक पाटी दिसू लागली आणि क्रॉन्काइट यांचा आवाज ऐकू आला. त्या काळच्या कॅमेऱ्यांना तापून तयार व्हायला बराच वेळ लागत असे. म्हणून सुमारे वीस मिनिटे प्रेक्षकांना चेहरा दिसला नाही. फक्त आवाजच ऐकू येत होता. पुढे क्रॉन्काइट पडद्यावर दिसू लागले. ते वृत्तकक्षातील टेबलामागे शर्टाच्या बाह्यांत बसले होते. कोट घालायलाही वेळ मिळाला नव्हता.

डॅलसहून एकामागून एक खबरा येत होत्या. कोणी म्हणे, राष्ट्राध्यक्ष गंभीर जखमी आहेत. कोणी म्हणे, रक्त दिले जात आहे. मग एका स्थानिक वार्ताहराने रुग्णालयातील माणसाच्या हवाल्याने सांगितले, की राष्ट्राध्यक्ष मरण पावले आहेत. राष्ट्राध्यक्षांजवळ जाऊन आलेल्या धर्मगुरूंनीही तसेच सांगितल्याची खबर आली. सी. बी. एस.च्या स्वतःच्या वार्ताहरानेही तेच कळवले. त्याच कंपनीच्या रेडिओने तर मृत्यूची बातमी जाहीरही करून टाकली!

विचार करा, मित्रांनो. क्रॉन्काइट यांच्या जागी तुम्ही असता तर काय केले असते? सगळीकडून एकच गोष्ट कानावर येते आहे. दुसऱ्या वाहिन्या पुढे जातील, आपण मागे पडू, अशी भीतीही आहे. पण एका देशाचा प्रमुख मेला, असे सांगायचे आहे. ते खोटे निघाले तर?

क्रॉन्काइट यांनी दोन गोष्टी केल्या. त्यांनी खबर दडवून ठेवली नाही. आलेली प्रत्येक खबर त्यांनी प्रेक्षकांना सांगितली. परंतु प्रत्येक वेळी ती कोणाकडून आली, हेही सांगितले आणि अधिकृत दुजोरा अजून मिळालेला नाही, हे पुन्हा पुन्हा स्पष्ट केले. 'असे म्हणतात' आणि 'असे आहे' या दोन वाक्यांतील अंतर त्यांनी त्या गोंधळातही पुसू दिले नाही.

अखेर २ वाजून ३८ मिनिटांनी त्यांच्या हातात वृत्तसंस्थेचा कागद आला. त्यांनी तो वाचला. राष्ट्राध्यक्ष केनेडी डॅलसच्या वेळेनुसार दुपारी १ वाजता, म्हणजे सुमारे ३८ मिनिटांपूर्वी मरण पावले, असे त्यांनी सांगितले. त्यांनी चष्मा काढला आणि भिंतीवरील घड्याळाकडे पाहिले. क्षणभर त्यांना बोलता येईना. त्यांनी आवंढा गिळला, चष्मा पुन्हा डोळ्यांवर ठेवला आणि उपराष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांच्याविषयीची पुढची माहिती सांगायला सुरुवात केली.

सत्तावीस वर्षांपूर्वी एका लहानशा आगीच्या बातमीसाठी जो तरुण थांबला होता, तोच माणूस आज एवढ्या मोठ्या बातमीसाठीही थांबला. मोठ्या प्रसंगी जे आपल्या हातून घडते, त्याची सवय लहान प्रसंगांत लागलेली असते.

बातमी आणि मत या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. "आज पाऊस पडला" ही बातमी. "आज सुट्टी द्यायला हवी होती" हे मत. क्रॉन्काइट आपल्या बातमीपत्रात स्वतःचे मत मिसळत नसत. पण एकदा त्यांनी मत सांगितले. त्या वेळी व्हिएतनाममध्ये अमेरिकेचे युद्ध चालू होते. विजय जवळ आला आहे, असे सरकार सांगत होते. सुरुवातीला क्रॉन्काइट यांचाही सरकारच्या सांगण्यावर बराच विश्वास होता. परंतु जानेवारी १९६८ च्या अखेरीस व्हिएतनाममधील अनेक शहरांवर एकाच वेळी मोठे हल्ले झाले. मग खरे काय आहे, ते पाहायला ते स्वतः तिकडे गेले. परत आल्यावर २७ फेब्रुवारी १९६८ रोजी त्यांनी एक विशेष कार्यक्रम सादर केला. शेवटी त्यांनी सांगितले, की हे युद्ध अडकून पडले आहे आणि वाटाघाटी करणे हाच शहाणपणाचा मार्ग आहे. हे आपले वैयक्तिक मत आहे, हेही त्यांनी स्पष्ट केले. वृत्तनिवेदकाने असे मत द्यावे का, यावर नंतर पुष्कळ वाद झाला. तुम्हीही वर्गात यावर चर्चा करू शकता.

या कार्यक्रमाविषयी एक किस्सा फार प्रसिद्ध आहे. तो कार्यक्रम पाहून राष्ट्राध्यक्ष जॉन्सन म्हणाले, की क्रॉन्काइट गेले म्हणजे देश आपल्या हातून गेला, असे सांगतात. अनेक पुस्तकांत हा किस्सा आला आहे. पण प्रत्येक ठिकाणी जॉन्सन यांच्या तोंडी वेगवेगळे शब्द घातलेले आहेत! शिवाय कार्यक्रम चालू होता त्या वेळी जॉन्सन टेक्सासमध्ये एका वाढदिवसाच्या समारंभात होते. म्हणून काही अभ्यासकांना हा किस्सा खरा वाटत नाही. खात्रीचा आग्रह धरणाऱ्या माणसाविषयीच खात्री नसलेली गोष्ट जगभर पसरावी, ही गंमतच म्हणायची. पुस्तकात छापले आहे म्हणून प्रत्येक गोष्ट खरी असतेच असे नाही, हा धडा आपण यातून घेऊ या.

२० जुलै १९६९ रोजी माणूस चंद्रावर उतरला. नील आर्मस्ट्राँग आणि बझ ऑल्ड्रिन यांचे यान चंद्राला टेकले, तेव्हा क्रॉन्काइट प्रक्षेपण करत होते. या मोहिमेसाठी त्यांनी महिनोन्‌महिने अभ्यास केला होता. यानाचे भाग, वेग, अंतर सगळे त्यांना पाठ होते. पण यान उतरताच त्यांच्या तोंडून धड शब्दच फुटेना! त्यांनी चष्मा काढला, मान हलवली आणि लहान मुलासारखे ते हसले. केनेडींच्या दिवशी दुःखाने आणि या दिवशी आनंदाने त्यांचा कंठ दाटून आला. आपल्यासारखेच मन त्यांनाही आहे, हे प्रेक्षकांना कळले. त्या वेळच्या सुमारे ३० तासांच्या प्रक्षेपणात २७ तास ते पडद्यावर होते.

१९७२ साली वॉटरगेट प्रकरण गाजू लागले. राष्ट्राध्यक्ष निक्सन यांच्या माणसांनी विरोधी पक्षाच्या कार्यालयात चोरून शिरकाव केल्याचे ते प्रकरण होते. एका वृत्तपत्राने ते लावून धरले होते. पण सामान्य माणसाला ते गुंतागुंतीचे वाटत होते. ऑक्टोबर १९७२ मध्ये क्रॉन्काइट यांनी आपल्या अर्ध्या तासाच्या बातमीपत्रातील १४ मिनिटे केवळ या विषयाला दिली. दुसरा भाग लगेच यायचा होता. तेवढ्यात सरकारी गोटातून कंपनीवर दबाव आला आणि दुसरा भाग छोटा करून सुमारे ८ मिनिटांचा करण्यात आला. छोटा झाला, पण तो दाखवला गेला. पुढे ऑगस्ट १९७४ मध्ये निक्सन यांना राजीनामा द्यावा लागला.

नोव्हेंबर १९७७ मधील एक प्रसंग तर फारच वेगळा आहे. इजिप्त आणि इस्राएल या देशांत चार युद्धे झाली होती. इजिप्तचे राष्ट्राध्यक्ष अन्वर सादात यांनी ९ नोव्हेंबरला आपल्या संसदेत सांगितले, की शांततेसाठी आपण जेरुसलेमलाही जाऊ. ते हे मनापासून बोलले, की ती केवळ बोलण्याची रीत होती? क्रॉन्काइट यांनी १४ नोव्हेंबरला उपग्रहाच्या साहाय्याने सादात यांची मुलाखत घेतली आणि सरळ प्रश्न विचारला. योग्य निमंत्रण आले तर आपण लवकरच जाऊ, असे सादात म्हणाले. त्याच दिवशी इस्राएलचे पंतप्रधान बेगिन यांनाही त्यांनी विचारले. बेगिन यांनी निमंत्रणाची तयारी दाखवली. १९ नोव्हेंबर १९७७ रोजी सादात खरोखरच जेरुसलेमला गेले. एक साधा, नेमका प्रश्न योग्य वेळी विचारण्याने किती मोठे काम होते, ते पाहा.

रोज बातम्या संपल्यावर क्रॉन्काइट, "आजची हकिकत ही अशी आहे," या अर्थाचे एक वाक्य म्हणत आणि त्या दिवसाची तारीख सांगत. हे वाक्य त्यांची ओळखच बनले होते. पण ज्या दिवशी बातमीपत्राच्या शेवटी एखादे मत किंवा टीका आली असेल, त्या दिवशी ते हे वाक्य म्हणत नसत. कारण मत म्हणजे हकिकत नव्हे! १९७२ साली झालेल्या एका पाहणीत मोठमोठ्या राजकीय नेत्यांच्या यादीत त्यांचेही नाव घातले होते. तुमचा सर्वांत जास्त विश्वास कोणावर आहे, असे लोकांना विचारले, तेव्हा हा वृत्तनिवेदक सगळ्या नेत्यांच्या पुढे निघाला.

६ मार्च १९८१ रोजी त्यांनी शेवटचे बातमीपत्र सादर केले. त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष कार्टर यांनी त्यांना अमेरिकेचा सर्वोच्च नागरी सन्मान दिला. १९८४ साली ॲरिझोना राज्य विद्यापीठाच्या पत्रकारितेच्या विद्यालयाला त्यांचे नाव देण्यात आले. ज्याने पदवी न घेताच विद्यापीठ सोडले होते, त्याच्याच नावाच्या विद्यालयात आज मुले पत्रकारिता शिकतात. १७ जुलै २००९ रोजी वयाच्या ९२ व्या वर्षी न्यूयॉर्क येथे त्यांचे निधन झाले.

मित्रांनो, आता काळ बदलला आहे. बातमी ऐकण्यासाठी संध्याकाळपर्यंत थांबावे लागत नाही. घरोघरी मोबाइल आहे. एका बोटाने आपण एखादी खबर शंभर जणांकडे पाठवू शकतो. म्हणजे आज आपण प्रत्येक जण थोडाफार वृत्तनिवेदकच झालो आहोत. पण मग वृत्तनिवेदकाची जबाबदारीही आपल्यावर आली, नाही का? मुले पळवणारी टोळी आली आहे, अशा खोट्या खबरेमुळे निरपराध माणसांना मारहाण झाल्याच्या घटना आपल्या देशात घडल्या आहेत. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे अशाच अफवेमुळे पाच निष्पाप माणसांचा जीव गेला. ती खबर पुढे पाठवणाऱ्यांपैकी एकाने तरी 'हे कोणी सांगितले?' असे विचारले असते, तर?

डोळ्यांत आणि कानांत चार बोटांचे अंतर असते, असे मराठीत म्हणतात. कानाने ऐकले ते डोळ्यांनी पाहिलेच असे नाही. म्हणून पुढच्या वेळी कोणी धावत येऊन तुम्हांला खबर देईल, तेव्हा घाई करू नका. कोणी सांगितले? त्याने स्वतः पाहिले का? दुसरा कोणी दुजोरा देतो का? हे तीन प्रश्न विचारा. उत्तर मिळाले नाही, तर ती खबर तुमच्याजवळच थांबू द्या. खबर थोडी उशिरा पोहोचली तरी बिघडत नाही; ती खरी असली पाहिजे.

शब्दार्थ

हकिकत : घडलेली गोष्ट. किरकोळ : लहानसा, क्षुल्लक. ध्वनिक्षेपक : आवाज दूरवर पोहोचवणारे यंत्र. पायपीट : पायी खूप फिरणे, कष्ट. प्रक्षेपण : दूरदर्शनवरून कार्यक्रम दाखवणे. दुजोरा : एखादी गोष्ट खरी आहे असे दुसऱ्याने सांगणे. वाटाघाटी : दोन बाजूंनी बसून केलेली बोलणी. निष्पाप : ज्याचा काही गुन्हा नाही असा.

वाक्प्रचार

राईचा पर्वत करणे : लहान गोष्ट फार मोठी करून सांगणे. आवंढा गिळणे : दुःख आतल्या आत दाबणे. कंठ दाटून येणे : भावनेमुळे बोलता न येणे. लावून धरणे : एखादी गोष्ट न सोडता तिचा पाठपुरावा करणे.

स्वाध्याय

१. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) क्रॉन्काइट यांना शाळेत बातमी लिहिण्याचे धडे कोणी दिले?
(आ) सुरुवातीला सी. बी. एस.चे संध्याकाळचे बातमीपत्र किती मिनिटांचे होते?
(इ) न्यू लंडन येथील शाळेत साचलेला गॅस कोणाच्याच लक्षात का आला नाही?

२. तीन-चार वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) रेडिओ केंद्रावरील नोकरी क्रॉन्काइट यांना का गमवावी लागली?
(आ) २२ नोव्हेंबर १९६३ रोजी खबरा सांगताना त्यांनी कोणती काळजी घेतली?
(इ) बातमी आणि मत यांतील फरक तुमच्या शब्दांत उदाहरण देऊन सांगा.

३. खबर, जाहीर, हकिकत, मुलाखत, तारीख हे शब्द मराठीत आणि उर्दूत दोन्हीकडे आहेत. पाठातून असे आणखी पाच शब्द शोधा आणि प्रत्येकाचा मराठी वाक्यात उपयोग करा.

४. उपक्रम : आठवडाभर आपल्या शाळेतील रोजची एक बातमी लिहा. प्रत्येक बातमीखाली ती तुम्हांला कोणाकडून कळली आणि तुम्ही तिची खात्री कशी केली, तेही लिहा. आठवड्याच्या शेवटी ती बातम्यांची वही वर्गात सावकाश, स्पष्ट वाचून दाखवा.